तलाठी

बुटाच्या खोक्याला सुईनं पाडलेली भोकं,
वर रबर, रबराखाली वहीचं पान:
"उघडू नये. आत तलाठी आहे."

सोमवार, बाजाराचा दिवस. जनावरांच्या दवाखान्यात
आठ बकऱ्या, लाळ गाळणारा एक गोऱ्हा
आणि सगळ्यांच्या मागे उईकेची आचल,
चौथीतली, चपला हातात.
"तलाठी कायले वं?"
"मान हालवते, काका. सगळ्याले हो म्हणते.
करत काहीच नाही."

व्रणोपचारक म्हणून एकवीस वर्षं झाली मला.
खुरं खरवडली, शिंगं कापली,
गाईच्या कासेवरून मूठमूठ गोचीड ओढून
रॉकेलच्या डब्यात टाकले.
सरडा हातात कधी धरला नव्हता.
धरला तो नेमच, बाभळीखाली, गोटा घेऊन.
गळा लाल झाला की लांबूनच तो रक्त पितो
असं आम्ही पोट्टे एकमेकांना सांगायचो.

फरहाना मॅडमनी भिंग धरलं.
मानेच्या घडीत, काखेत, कानाच्या भोकाच्या काठावर
शेंदरी ठिपके.
मला वाटलं, रंग असेल त्याचा.
मग एक ठिपका चालू लागला.

रक्त त्याचंच पीत होतं कोणीतरी,
आणि बदनामी त्याच्या नावावर.

"पाण्याच्या झाकणात बसून राहतो का गं?"
"दिवसभर. आंघोळीचा लय शौक आहे त्याले."
"शौक नाही बाळा. खाज आहे."
शेपटीच्या मुळाशी हाडं वर आलेली,
डोळे खोल गेलेले. किडे समोर टाकले
तरी तोंड फिरवतो म्हणाली.
"शी आणली?"
आचलनं खिशातून माचिसची डबी काढली.
एवढ्या वर्षांत एकाही शेतकऱ्यानं
न सांगता नमुना आणला नव्हता.
काचेवर लांबट अंडी दिसली,
प्रत्येकात दुमडून ठेवलेला एक जीव.

आमच्या काट्यावर बैल मावतो, सरडा नाही.
लोणकर सोनाराकडे नेला.
चोवीस ग्रॅम.
"घडणावळ धरू का?" सोनार म्हणाला.

मॅडमनी नागपूरला कॉलेजात फोन लावला,
आकडा दोनदा वदवून घेतला.
म्हशीला नळीनं पाजतो तेच जंताचं औषध,
पाण्यात विरवत विरवत
सुईच्या टोकावर थरथरणारा एक थेंब.
माझा हात इतका हलका
माझ्या मुलांच्या बारशातही नव्हता.
ठिपके ओल्या कापसानं, एकेक.
गोचिडाचं औषध? नाही, गोचिडाआधी हाच मरेल.

"माती काढ. पेपर अंथर. रोज बदल, जुना जाळ.
झाकण उकळत्या पाण्यातून काढ.
हात साबणानं धू, मगच भाकर.
आणि पंधरा दिवसांनी पुन्हा ये."
"आता बरा नाही का होणार?"
"किडे मरतील. अंडी औषधाला भीत नाहीत."

पंधरा दिवसांनी सत्तावीस ग्रॅम.
भिंगाखाली नुसता सरडा, त्याच्याच रंगाचा.
आणखी दोन सोमवार काच कोरी निघाली
तेव्हा मॅडम म्हणाल्या, आता सोडायचा.
हा पाळायचा जीव नाही.

आचल खोक्याकडे बघत राहिली.
"सोडायचाच होता, तं बरा कायले केला?"

पंखा फिरत होता.
मॅडमनी रजिस्टर ओढलं: गाय, म्हैस, शेळी, कोंबडी.
शेवटच्या रकान्यात, इतर,
जिथं पूर्ण वर्षात शून्यच असतं,
एक लिहिला, आणि त्यावर पुन्हा पेन फिरवला.

दवाखान्यामागे तारेचं कुंपण.
म्हणीत असतो तेवढाच पळाला तो, कुंपणापर्यंत.
मग खांबावर चढला, वर, अगदी टोकाला,
आणि थांबून मान हलवली.
"पाहा, हो म्हणते."
कशाला, ते तिनं सांगितलं नाही.

मी हात धुतले, कोपरापर्यंत, साबणानं.
आत कोणाची तरी बकरी ओरडत होती.